पिंपात न गेलेला कूपर

आमच्या गल्लीत सध्या एक मेसन आहे, दोन टायलर आहेत आणि कोपऱ्यावरच्या घरात एक हंटर आहे. मेसन म्हणजे गवंडी. त्याच्या बापाला भिंतीवर एक फळी लावायची होती तर माणूस बोलवावा लागला, आणि ती फळी अजून तिरकीच आहे. टायलर म्हणजे कौलं घालणारा. आमचे दोन्ही टायलर शिडीच्या तिसऱ्या पायरीवर भोकाड पसरतात. हंटर म्हणजे शिकारी. तो मांजराला भितो. पूर्वी ही आडनावं होती, आणि आडनावामागे बापजाद्यांचा धंदा असायचा, त्याला घामाचा वास असायचा. आता खाऊ वाटावा तशी ती बाळांना वाटतात. मला याचा राग येतो, आणि आलाच पाहिजे. आमच्या बर्टनमध्ये, बिअरच्या कारखान्यांच्या या इंग्लिश गावात, निम्म्या म्हाताऱ्यांचे हात याच धंद्यांनी वाकडे केलेत.

म्हणून माझ्याच लेकीने, बेथनीने, तीन आठवड्यांच्या बाळाचं नाव कूपर ठेवणार म्हणून मला कानात सांगितलं, तेव्हा खरं तर मी तिथल्या तिथे भांडायला हवं होतं. भांडले नाही, कारण वाटलं, माझ्या बाबांना आनंद होईल. माझे बाबा, नेव्हिल टनिक्लिफ, वय वर्षं एक्याऐंशी, कूपर होते. म्हणजे बिअरची लाकडी पिंपं बांधणारे. निदान मी सत्तावन्न वर्षं तसंच समजत होते.

रविवारचं जेवण बेथनीकडे होतं. जेवणं उरकली, ॲपल पाय ओव्हनमधून बाहेर आला, आणि बेथनी फोन हातात घेऊन उभी राहिली.

"आजोबा, ऐका हं. तुमच्यासाठी एक गंमत आहे. 'कूपर. मुलाचं नाव. मूळ इंग्लिश. अर्थ, पिंपं बनवणारा. मेहनती, खेळकर, चटकन आपलासा वाटणारा. आधुनिक आईवडिलांची खास पसंती.' कसं वाटलं?"

बाबांनी चहाचा कप खाली ठेवला. "कुणी लिहिलंय हे?"

"साइट आहे आजोबा, नावांची."

"त्या साइटने कधी पिंप बांधलंय?"

बेथनी हसली. तिला वाटलं, आजोबा थट्टा करताहेत. रायन, तिचा नवरा, तोही हसला. त्याला काय, तो सगळ्यालाच हसतो.

"दुसरं नाव बघ," बाबा म्हणाले.

"अहो, पण तुमच्यासाठीच तर..."

"माझ्यासाठी नको. हे नाव ठेवलंस तर मी त्या पोराला हाक मारणार नाही. एकदासुद्धा नाही. सांगून ठेवतो."

आणि उठले, कोट घातला, निघून गेले. माझ्या बापाने उभ्या आयुष्यात ॲपल पाय टाकून कुणाचं घर सोडलेलं नाही. बेथनी ढसाढसा रडायला लागली, तिचं बघून बाळ रडायला लागलं. आमच्याकडे जन्मानंतर सहा आठवड्यांच्या आत नाव सरकारी वहीत लिहावं लागतं. बेथनीने पुढच्या मंगळवारची वेळ घेऊन ठेवली होती. नऊ दिवस राहिले होते, आणि नऊ दिवसांत एक तर पोराचं नाव जाणार होतं नाहीतर पोराचा पणजोबा.

सोमवारी सकाळी मी बाबांकडे गेले ती तोफखाना भरूनच. ते मोरीपाशी बटाटे सोलत होते. बाबांनी सोललेला बटाटा बघण्यासारखा असतो, साल कागदासारखी निघते.

"ओल्या बाळंतिणीला रडवलंत. शोभतं का?"

"रडू दे. रडून डोळे साफ होतात."

"पण बिघडलं काय एवढं? तुमचाच धंदा, तुमचंच नाव."

"माझं नाही."

"म्हणजे?"

"मी कूपर नाही, बेव्ह. कधीच नव्हतो."

मी खुर्चीवर बसले. शाळेत पहिल्या वर्गात मी चित्र काढलं होतं, बाबा आणि पिंप, खाली लिहिलं होतं 'माझे बाबा कूपर होते'. ते चित्र आईने किती वर्षं दाराला लावून ठेवलं होतं. मी म्हटलं, मग तेव्हा का नाही बोललात? तर म्हणाले, "तू सहा वर्षांची होतीस. बाईंनी तुला चांदणी दिली होती. तुला खोटं पाडू?"

त्यांची हकीकत मीच सांगते, कारण ते सांगायला लागले की अवघड जागा आली रे आली, चहा टाकायला उठतात.

अठ्ठावन्न साली, सोळाव्या वर्षी, ते बिअरच्या कारखान्यात पिंपांच्या शाळेला लागले. कामाच्या छपराला तिथे शाळाच म्हणत. अकरा कूपर होते आणि बाबा एकटे शिकाऊ. त्यांना शिकवायचं काम हॉरस बॅग्नलकडे होतं. हॉरस तेव्हा सत्तावीस वर्षांचा, हात राक्षसाचे आणि जीभ त्याहून दणकट. या कामात खिळा नाही, सरस नाही, मोजपट्टी नाही. ओकच्या फळ्या वाकसाने तासायच्या, रंध्यावर कड धरायची, सगळा अंदाज डोळ्याचा. मग फळ्या उभ्या करून आत जाळ करायचा, वाफेवर त्या वाकवायच्या आणि वरून लोखंडी कड्या ठोकत आणायच्या. पाण्याचा एक थेंब झिरपला तरी सगळं मोडून पुन्हा पहिल्यापासून. बाबांचं पहिलं पिंप हॉरसने पाण्याने भरलं, बघितलं आणि लाथेने उडवलं. म्हणाला, "यात बिअर सोड, विधवेची आसवंसुद्धा टिकायची नाहीत." दुसऱ्या वर्षी डाव्या अंगठ्याचं टोक गेलं. बाबा ते फडक्यात गुंडाळून दुपारी परत कामावर.

आणि या पाच वर्षांत त्यांना नाव काय? 'पोऱ्या'. मिशी फुटली तरी पोऱ्या. अंगठा गेला तरी पोऱ्या. कूपर हा शब्द तिथे असा रस्त्यावर पडलेला नव्हता. पाच वर्षं भरली की शिकाऊने स्वतःच्या हाताने एक मोठं पिंप बांधायचं, आणि ते गरम, ओलं असतानाच बाकीचे त्याला उचलून आत घालत. तो आत उकिडवा बसलेला, आणि हे बाहेरून कड्या ठोकताहेत, वरून काजळी, लाकडाचा भुसा, आंबलेली बिअर, काय हाताला लागेल ते ओतताहेत. मग पिंप आडवं करून शाळेभर गडगडत न्यायचं, तीनदा. शेवटी भुतासारखा काळा झालेला तो बाहेर निघायचा, आणि शिकवणारा सगळ्यांसमोर मोठ्याने म्हणायचा, 'हा कूपर.' त्या क्षणापासून कूपर. त्याआधी राजाने येऊन सांगितलं तरी नाही.

बाबांची पाच वर्षं त्रेसष्ट साली एका बुधवारी भरत होती. आणि कारखान्याने शाळा बंद केली त्याच्या आधीच्या शुक्रवारी. ॲल्युमिनियमची पिंपं आली होती. तिथे ना ओक, ना जाळ, ना अंगठा.

पाच दिवस! अकराही जण म्हणाले, पाच दिवसांचं काय घेऊन बसलात, पोऱ्याला शुक्रवारीच पिंपात घालू. बाबांनी चार दिवस खपून पिंप बांधलं. घरी माझ्या आजीने स्वयंपाकघरात जुनी वर्तमानपत्रं पसरली, मोठ्या पत्र्याच्या टबासाठी पाणी तापत ठेवलं, शेजारणींना सांगून ठेवलं की आज माझा मुलगा काळा होऊन येणार, दारात गर्दी करू नका.

"मग?" मी विचारलं. बाबा चहा टाकायला उठले. मी त्यांच्या हातातून किटली काढून घेतली. "मग काय झालं?"

"पिंप जाळावरून उतरवलं. वाफ निघत होती. मी शर्ट काढला. तेवढ्यात साहेब आला दारात. म्हणाला, वरची मंडळी येताहेत, बरोबर फोटोवाले आहेत, नव्या पिंपांचे फोटो काढायचेत. फरशी धुतलीय. ही घाण आज चालणार नाही." बाबा बटाट्याकडे बघत होते. "हॉरसच्या हातात हातोडा होता. त्याने खाली ठेवला. मग दुसऱ्याने. मग सगळ्यांनी. अकरा हातोडे, बेव्ह. एक माणूस, टाय बांधलेला, त्याला वाकससुद्धा नीट धरता आला नसता. आणि अकरा जण मूग गिळून बसले."

"आणि तुम्ही?"

"मी शर्ट घातला. घरी गेलो. आईने दार उघडलं, आणि मी तिच्यासमोर स्वच्छ उभा."

ते पुन्हा बटाटा सोलायला लागले. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली होती, आणि ओरडायला समोर कुणी नव्हतं. पुढे ते अडतीस वर्षं टायरच्या कारखान्यात राबले. लोक पबमध्ये म्हणायचे, काय नेव्हिल, जुने कूपर तुम्ही! ते म्हणायचे, टायरवाला, टायरवाला. आम्हाला वाटायचं, काय नम्र माणूस. बागेच्या दुकानात अर्धी कापलेली पिंपं फुलझाडांसाठी विकायला ठेवतात, तिथून जाताना ते रस्ता ओलांडून पलीकडे जातात. आम्ही त्यालाही हसलो. मला आज माझ्या हसण्याचीसुद्धा चीड येते.

"मी पाच वर्षं दिली, अंगठा दिला, तरी मला ते नाव मिळालं नाही," बाबा म्हणाले. "आणि हे पोर आयत्या बिळावर नागोबा. फोन उघडला, नाव आवडलं, ठेवलं. पी हळद नि हो गोरी!"

हॉरस बॅग्नल जिवंत होता. टेकडीवरच्या वृद्धाश्रमात, ब्याण्णव वर्षांचा. बुधवारी मी तिथे जाऊन धडकले. तो खिडकीपाशी चाकांच्या खुर्चीत बसला होता, ताटलीत पोर्क पाय, चौकोनी तुकडे केलेला. तेच राक्षसाचे हात, पण आता त्यात सुरीऐवजी चमचा होता. मला दया येईल असं वाटलं होतं. आली नाही.

"मी नेव्हिल टनिक्लिफची मुलगी."

त्याने चमचा ठेवला. "पोऱ्याची?"

"पोऱ्या एक्याऐंशीचा आहे. तुम्ही त्याला अजून पोऱ्याच ठेवलंय."

"बस ना, पोरी."

"बसायला नाही आले. तुमच्या हातात हातोडा होता. का ठेवलात खाली?"

त्याने ताटली बाजूला सारली. मग म्हणाला, "घर कारखान्याचं होतं. दोन लेकरं होती. शाळा बंद झाली तरी दोघाचौघांना आत दुसरं काम देणार म्हणत होते. मला वाटलं, मला देतील."

"दिलं?"

"नाही."

"छान झालं," मी म्हटलं. म्हटलं खरं. मागे घेणार नाही.

"त्याचं पिंप चांगलं होतं," हॉरस म्हणाला. "शाळेतलं त्या वर्षीचं सगळ्यात चांगलं. मी त्याला ते सांगितलं नाही."

"मग आता येऊन सांगा. रविवारी नेते मी तुम्हाला. आणि जे त्या दिवशी म्हणायचं राहिलं तेही म्हणा, त्याच्या तोंडावर."

रविवारी दुपारी चाकांची खुर्ची बसेल अशी गाडी एकट्या बेथनीकडे, म्हणून बेथनी आली, आणि बाळाला ठेवणार कुठे, म्हणून बाळ आलं. बाबांनी दार उघडलं. आधी मला बघितलं, मग बाळाला, मग खुर्चीत बसलेल्या म्हाताऱ्याला. दार लावून घेतील असं वाटलं. नाही लावलं. आम्ही सगळे त्या एवढ्याशा बैठकीच्या खोलीत कोंबून बसलो.

हॉरसने घसा खाकरला. त्याने टाय बांधला होता. आश्रमातल्या मुलीकडून बांधून घेतला असणार.

"नेव्हिल, तुझी वर्षं भरली होती. पिंप चोख होतं. मी तुला शिकवलं, तेव्हा म्हणायचा हक्क माझा. हा कूपर."

मला हुंदका आला, खोटं कशाला बोलू. मला वाटलं, झालं, सुटला माझा बाप.

बाबा म्हणाले, "एवढंच?"

हॉरसने टायची गाठ चाचपली.

"एवढंच होतं? एक वाक्य? श्वास घेऊन सोडायला लागतो तेवढा वेळ? काजळी नको, पिंप नको, फरशी घाण व्हायला नको. हे तू त्या दिवशी साहेबासमोर उभ्या उभ्या म्हणू शकला असतास. त्याने काय केलं असतं, शब्द पुसला असता?"

"मी घाबरलो, नेव्हिल."

"ते कळलं होतं मला तेव्हाच. माझ्या आईने तापवलेलं पाणी मी परसात ओतलं, हॉरस. तिने एक शब्द विचारला नाही. दुसऱ्या दिवशी शेजारणींना सांगितलं की मुलगा उशिरा आला, तुम्ही झोपला होतात. माझी आई खोटं बोलली, माझ्यासाठी. आणि तू साठ वर्षांनी टाय बांधून येतोस! बैल गेला आणि झोपा केला. ने तुझा शब्द परत. नको मला."

हॉरसने मान खाली घातली. त्याच्या नाकातून पाणी येत होतं, आणि बेथनीने उठून त्याला रुमाल दिला. माझी लेक माझ्यापेक्षा बरी आहे.

मग ती बाबांसमोर गुडघ्यावर बसली. "आजोबा, मला हे काही माहीत नव्हतं. आम्ही नाव बदलतो. मंगळवारी दुसरं लिहितो. तुम्ही सांगाल ते."

बाळ तिच्या मांडीवर हातपाय झाडत होतं, कुणाच्या बापाची पर्वा नसल्यासारखं. बाबा त्याच्याकडे बघत राहिले. मी त्यांचा चेहरा ओळखते. डोक्यात एखादी गोष्ट उलटीसुलटी करून बघताना ते खालचा ओठ आत घेतात.

"पिंप माझं होतं," ते हळूच म्हणाले. "मी बांधलेलं. माझ्यासमोर होतं, उघडं. मला कुणी बांधून ठेवलं नव्हतं. मीच स्वतः आत उडी मारायला हवी होती. तिथे कोण अडवणार होतं? मी अकरा जणांच्या तोंडाकडे बघत उभा राहिलो, कुणीतरी हो म्हणेल म्हणून."

"बाबा, तुम्ही एकवीस वर्षांचे होतात," मी म्हटलं.

"एकवीस कमी असतात?" ते माझ्यावरच खेकसले. मग बेथनीला म्हणाले, "काही बदलायचं नाही. या पोराने कुणाला विचारलं नाही, तेच बरं केलं. तेच नाव लिही. मी येतो बरोबर."

मंगळवारी ते कोट घालून, बूट चमकवून दहा मिनिटं आधीच तयार. नोंदणीच्या ऑफिसात रायन, बेथनी, बाळ, मी आणि बाबा. तिथली बाई गोड होती, गळ्यात ओळखपत्र, तोंडभर हसू. खोलीचं दार उघडून म्हणाली, "आत फक्त आईवडील हं. बाकीच्यांनी बाहेर बसायचं. आमचा नियम आहे."

मी उठलेली परत बसले. इतकी सवय असते आपल्याला. बाबा मात्र सरळ आत गेले आणि टेबलासमोर उभे राहिले.

"आजोबा, तुम्ही बाहेर..."

"लिही तू, बाळ. मी उभाच राहणार आहे. बोलवायचं त्याला बोलव."

तिने बेथनीकडे बघितलं. बेथनीने खांदे उडवले. बाईने एक उसासा टाकला, टाइप केलं, मग पडदा त्यांच्याकडे वळवून म्हणाली, "हे बघा, बरोबर आहे ना?"

"चष्मा नाही आणला," बाबा म्हणाले. चष्मा त्यांच्या खिशात होता, मी उघड्या दारातून बघत होते. "मोठ्याने वाच."

"बाळाचं नाव, कूपर."

"पुन्हा."

"कूपर."

"ऐकू आलं का रे, कूपर?" बाबा वाकून बाळाला म्हणाले, आणि मग त्या बाईला म्हणाले, "आता छाप."